कलावतीचं केळवण

"येत्या रविवारची तुझी ड्यूटी मी बदलून घेतली," ललिताबाई म्हणाल्या. हेडफोन त्यांनी गळ्यात उतरवला होता आणि दोन्ही हातांनी त्या आपला अंबाडा नीट करत होत्या.

"कावून?" कलावतीनं विचारलं.

"कावून म्हणे. सकाळी नऊला माझ्या क्वार्टरवर ये. चांगली साडी नेसून ये. रोजची नेसून आलीस तर दारातूनच परत पाठवीन."

पलीकडच्या खुर्चीवर हिरा साहू तोंडात पदर धरून हसत होती. कलावती आणखी काही विचारणार, तेवढ्यात तिच्या बोर्डावर नागपूरच्या लाइनचा दिवा लागला. तिनं प्लग खोचला, "भिलाई" म्हणाली, आणि तिकडून एक घाईतला आवाज रोलिंग मिलच्या कुणा साहेबाला मागू लागला.

१९८१ साल होतं. दिवाळी नुकतीच झाली होती. भिलाईच्या पोलाद कारखान्याच्या टेलिफोन एक्सचेंजमध्ये कलावती लांजेवारला चौदा वर्षं झाली होती. ती विसाव्या वर्षी इथे आली, तीही हौसेनं नाही. तिचे वडील सुखराम लाखांदूरकडची दोन एकर धानाची शेती भावाच्या हवाली करून भिलाईत आले, कारखान्यात खलाशी, म्हणजे अवजड सामान हलवणारा मजूर, म्हणून लागले आणि काविळीनं चाळिशीतच गेले. त्यांच्या जागी मॅट्रिक झालेल्या थोरल्या मुलीला घेतलं. पहिले काही दिवस कलावती हेडफोन लावला की उभी राहायची. साहेबाशी बसून कसं बोलायचं, असं तिला वाटे. ललिताबाई हरकरे तेव्हापासून तिच्या शेजारच्या खुर्चीवर. त्यांनीच तिचा खांदा दाबून तिला खाली बसवलं होतं. "त्याला तू दिसत नाहीस, बाई. बस."

त्या खुर्चीवर बसून कलावतीनं दोन बहिणींची लग्नं केली, धाकट्या विजयकुमारला आय.टी.आय. करवलं, तो कारखान्यात लागल्यावर त्याचंही लग्न लावून दिलं. आई भागीरथा दोन वर्षांपूर्वी गेली. शेवटच्या आजारात ती येणाऱ्या-जाणाऱ्याला एकच सांगायची, "कलीचं तेवढं राह्यलं." येणारे मान हलवायचे आणि घरी जाऊन विसरायचे.

मग त्या वर्षीच्या सप्टेंबरात तुमसरहून स्थळ आलं. आनंदराव, शाळेत मास्तर, वय एक्केचाळीस, बायको वारलेली, दोन मुलं. ते आले तेव्हा त्यांनी तिला स्वयंपाक येतो का, हे विचारलं नाही. विचारलं ते इतकंच, "रोज इतके आवाज ऐकता. आवाजावरून माणूस समजतो काय वो?"

कलावतीनं जरा विचार केला. "घाबरलेला समजते," ती म्हणाली. "खोटा नाही समजत."

आनंदराव हसले. बस, तेवढंच बोलणं झालं. पण नंतर कितीतरी दिवस ते उत्तर आपण बरोबर दिलं की नाही याचा ती विचार करत होती. बोर्डावर बसल्या बसल्या तिनं त्याची आणखी तीन-चार उत्तरं तयार केली. लग्नानंतर एकेक सांगू, असं तिनं ठरवलं होतं.

लग्न डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात धरलं. नोकरी सोडावी लागणार होती. राजीनाम्याचा अर्ज ललिताबाईंनीच चांगल्या इंग्रजीत लिहून दिला होता आणि एक डिसेंबरला द्यायचा म्हणून तो कलावतीच्या पर्समध्ये घडी करून ठेवलेला होता.

घरी मात्र या लग्नाविषयी हळू आवाजात बोललं जाई. सेक्टर दोनमधलं क्वार्टर कलावतीच्या नावावर होतं. ती गेली की ते सोडावं लागणार, आणि विजयकुमारला आपल्या नावानं मिळेपर्यंत कॅम्प-एकमध्ये भाड्याची खोली बघावी लागणार. विजयकुमार वाईट नव्हता. तो खोल्या बघायला जायचा आणि आल्यावर काही न बोलता पायांवर पाणी घ्यायचा. त्याची बायको पोटुशी होती. या सगळ्यात नवरीला जेवायला कुणी बोलवायचं, तिची ओटी कुणी भरायची, हे कुणाच्या ध्यानातच आलं नाही. बहिणी लांब दिलेल्या, त्या लग्नालाच येणार होत्या.

"केळवण झालं का गं कुणाकडं?" असं ललिताबाईंनी एकदा सहज विचारलं होतं. कलावती म्हणाली होती, "या वयात कायचं केळवण वो बाई."

रविवारी ती सेक्टर सातला पोचली तेव्हा दारात रांगोळी होती. ललिताबाईंचे यजमान श्यामराव पायांत चपला घालून बाहेर निघालेच होते. "मला आज घरातून काढलं आहे," ते कलावतीला म्हणाले. "संध्याकाळपर्यंत पुरुषांना बंदी आहे म्हणे." आणि सायकलवर टांग टाकून ते निघून गेले.

आत हिरा होती. लग्न होऊन दोन वर्षं झालेली, सत्तावीस वर्षांची, एक्सचेंजमधली सगळ्यात धाकटी. ती दुर्गजवळच्या खेड्यातली, बोलायची हिंदीत, आणि मधेच ललिताबाईंकडून शिकलेला एखादा मराठी शब्द घालायची. तिनं कलावतीच्या केसांत आधी शेवंतीची वेणी माळली, मग दोन पावलं मागं सरून पाहिलं.

"दीदी, आप तो एकदम नवरी लग रही हो."

"चूप बस वो," कलावती म्हणाली. पण भिंतीवरच्या आरशात तिनं एकदा पाहिलं, आणि मग कुणाचं लक्ष नाही असं बघून आणखी एकदा.

आधी त्या तिला मैत्रीबागेत, तिथल्या तळ्यावर घेऊन गेल्या. कलावतीनं भावंडांना, मग त्यांच्या पोरांना तिथे कितीदा तरी आणलं होतं. प्रत्येक वेळी पिशव्या आणि चपला सांभाळत ती काठावर बसायची आणि बाकीचे बोटीत जायचे. त्या दिवशी ललिताबाईंनी तिला हाताला धरून बोटीत बसवलं. हिरा चढताना इतकी घाबरली, की तिनं ललिताबाईंची कंबर घट्ट धरली. त्या झटापटीत ललिताबाईंच्या उजव्या पायातली चप्पल सुटून पाण्यात पडली आणि तरंगत तरंगत बदकांकडे निघाली. नावाड्यानं काठी घालून पाहिली. चप्पल काही हाती लागली नाही.

"जाऊ द्या," ललिताबाई म्हणाल्या. "नवरीवरून ओवाळून टाकली समजू."

नावाड्यानं मागं वळून विचारलं, "शादी किसकी है?"

हिरानं बोट दाखवलं. नावाडी म्हातारा होता. त्यानं कलावतीकडे नीट पाहिलं, तिच्या कानाजवळच्या दोन-चार पांढऱ्या केसांसकट पाहिलं असणार, आणि म्हणाला, "अच्छा है बेटी. सुखी रहना." मग हातातली वल्ही त्यानं तिच्याकडे दिली. "नई दुल्हन को चलाना चाहिए."

कलावतीनं वल्ही मारली. बोट गोल फिरली, पुन्हा गोल फिरली. ती हसायला लागली आणि तिला ते हसू आवरेना. ऊन पाण्यावर पडलं होतं. काठावरच्या बाकावर कुणीतरी बाई पिशव्या आणि चपला सांभाळत बसली होती. ती या तिघींकडे एकटक बघत होती. कलावतीनं बोटीतून तिला हात केला.

घरी आल्यावर जेवण. एक्सचेंजमधल्या आणखी चौघीजणी तोवर आल्या होत्या. पाटाभोवती रांगोळी, समई, वडाभात आणि त्यावर फोडणीचं तेल, पाटवडीचा रस्सा, श्रीखंड. हिरानं घरून त्यांच्याकडची तळणं, ठेठरी आणि खुरमी, करून आणली होती. ललिताबाईंनी औक्षण केलं, हिरव्या साडीनं ओटी भरली. हिरानं कॅम्पच्या बाजारातून आणलेल्या काचेच्या बांगड्या स्वतः तिच्या हातांत चढवल्या. मग ती आत गेली आणि एका वाटीत कालवलेली ओली हळद घेऊन आली.

"अगं अगं, आत्ता नाही," ललिताबाई म्हणाल्या. "हळद त्या दिवशी लागते."

"हमारे में तो सात-सात बार चढ़ती है," हिरा म्हणाली. "एक बार हमारी तरफ से," आणि तिनं दोन्ही हातांनी कलावतीच्या गालांना हळद फासली. बाकीच्या हसल्या. ललिताबाईही हसल्या. हळद थंड होती, आणि हिराचे हात गरम होते.

जेवणं झाल्यावर कुणीतरी म्हणालं, आता नवरीनं दोन शब्द बोलायचे. सगळ्याजणी गप्प होऊन तिच्याकडे बघू लागल्या. दिवसाकाठी शेकडो माणसांशी बोलणाऱ्या कलावतीला शब्द सुचेना. इतक्या वर्षांत आपल्यासाठी म्हणून कुणी रांगोळी घातली नव्हती, हे तिला सांगायचं होतं. ललिताबाईंनी खांदा दाबून खुर्चीवर बसवलं ते सांगायचं होतं.

"भात मस्त झाला होता," ती म्हणाली.

खोलीभर हसू उसळलं. तीही हसली. लग्नानंतर पहिल्यांदा येऊ तेव्हा दोघींना साड्या आणू, नीट बसून सांगू, असं तिनं मनात ठरवलं. घाई कशाची होती.

नऊ दिवसांनी तुमसरहून आनंदरावांचे थोरले भाऊ पंजाबराव आले. एकटेच आले. खुर्चीच्या कडेवर बसले. टोपी काढून त्यांनी मांडीवर ठेवली.

"कसं सांगू ते समजून नाही राहिलं," ते विजयकुमारला म्हणाले, पण कलावती स्वयंपाकघराच्या दारात उभी आहे हे त्यांना ठाऊक होतं. "आनंदच्या गेलेल्या बायकोची लहान बहीण हाय. तिच्या बापानं आता मनावर घेतलं. म्हणते, लेकरं मावशीजवळ राहतीन. लेकरंही तिलेच धरून बसले. आनंद नाही म्हणत होता. पण लेकरांपुढं काय चालते माणसाचं."

विजयकुमारचा आवाज चढला. कलावतीनं दारातूनच त्याला हातानं थांबवलं.

"त्यांना सांगा, माझा राग नाही," ती म्हणाली. मग तिला वाटलं की आणखी काहीतरी बोलायला पाहिजे. "लेकरं सुखी राहो."

पंजाबरावांनी हात जोडले. चहाला त्यांनी तोंड लावलं नाही. ते गेल्यावर कप तसाच भरलेला होता. कलावतीनं तो मोरीत ओतला, कप विसळला, आणि पर्समधून तो अर्ज काढून फाडला. काही दिवस भावजय तिच्या पोळीला जास्त तूप लावायची. विजयकुमारनं खोली बघणं बंद केलं. त्याला सुटल्यासारखं वाटलं असेल, आणि तसं वाटल्याची लाजही वाटली असेल, कारण महिनाभर तो बहिणीच्या नजरेला नजर देत नव्हता.

पंजाबराव येऊन गेले त्याच्या दुसऱ्याच दिवशी कलावती ड्यूटीवर गेली. बातमी तिच्याआधी पोचली होती. ललिताबाईंनी तिच्यासमोर पाण्याचा ग्लास ठेवला आणि तिच्या वाटणीचा बोर्डही दिवसभर त्यांनीच सांभाळला. हिरा तिच्याकडे बघतच नव्हती. दुपारी बाथरूमच्या दाराशी दोघी समोरासमोर आल्या, तेव्हा हिराचे डोळे सुजलेले होते. ती बाजूनं निघून गेली.

पुढं केव्हातरी कलावतीच्या कानावर आलं. शेजारची कुणी बाई ललिताबाईंना म्हणाली होती, मुहूर्ताआधी नवरीला हळद लावलीत, कुठं नाही ते केलंत, तेव्हाच मी म्हटलं होतं. आणि ललिताबाईंनी, ज्या कधी कुणाला वाकडं बोलत नसत, हिराला एक्सचेंजच्या जिन्यात गाठून विचारलं होतं, "तुला मी नको म्हटलं होतं ना गं?" नंतर त्या स्वतःच हिराच्या घरी जाऊन रडून आल्या होत्या. पण बोललेलं परत घेता येत नाही.

त्या दिवसापासून त्या रविवारचं नाव कुणी काढलं नाही. मैत्रीबागेचा विषय निघाला की हिरा उठून पाणी प्यायला जाई. ललिताबाईंच्या नातवंडांना तिथे न्यायचं असलं तर त्या कलावतीला सांगत, "जरा बाहेर जाऊन येतो." नव्या मुलींची लग्नं ठरली, त्यांची केळवणं झाली, पण ती कलावतीची रात्रपाळी असेल त्याच दिवसांत व्हायची. तिला दुखू नये म्हणून सगळे जपत होते. आणि कलावतीला हे कसं सांगावं ते कळत नव्हतं, की लग्न मोडल्याचं दुखणं केव्हाच बसलं. आनंदरावांचा चेहराही आता तिला नीट आठवत नव्हता. पण तो रविवार तिला मिनिटामिनिटानं पाठ होता. बोट कशी गोल फिरली, हिराचे हात कसे गरम होते. असा दिवस तिच्या आयुष्यात एकच होता, आणि तो जिच्याजवळ आठवावा अशा दोघीच होत्या. त्या दोघींनीच तो जणू कुलूप लावून ठेवला होता.

एकदोनदा तिनं प्रयत्न केला. "ललिताबाई, त्या दिवशी तुमची चप्पल..." असं म्हटल्याबरोबर ललिताबाईंचा चेहरा असा झाला, की तिनं वाक्य बदललं. "तुमची चप्पल तुटलेली दिसते," असं काहीतरी ती म्हणाली.

वर्षं गेली. विजयकुमारला दोन मुली झाल्या, त्या आत्याच्या अंगाखांद्यावर वाढल्या. एक्सचेंजमध्ये नवी यंत्रं आली. बोर्ड गेले, प्लग गेले, माणसं स्वतःच नंबर फिरवू लागली. कलावतीला चौकशीच्या खिडकीवर बसवलं, ललिताबाईंना रजिस्टरवर.

१९९१ च्या पावसाळ्यात हिरा आजारी पडली. पोटातलं दुखणं होतं, कळलं तेव्हा फार पुढं गेलेलं. कलावती तिला बघायला सेक्टर नऊच्या दवाखान्यात गेली. हिरा सदतीसची होती आणि उशीवर तिचं डोकं लहान मुलीच्या डोक्याएवढं दिसत होतं. तिचा नवरा पायाशी उभा होता. कलावती घरून ठरवून निघाली होती की आज सांगायचं. आज सगळं सांगायचं.

"दीदी, बैठो ना," हिरा म्हणाली.

कलावती बसली. मोसंबी सोलली. दवाखान्यातल्या जेवणाविषयी विचारलं, हिराच्या मुलीच्या शाळेविषयी विचारलं. हिरा तिच्याकडे बघत राहिली. मग फार हळू म्हणाली, "दीदी, मेरे से एक गलती हो गई थी..."

तेवढ्यात नर्स इंजेक्शन घेऊन आली आणि तिनं सगळ्यांना बाहेर काढलं. कलावती व्हरांड्यात थांबली. नर्स बाहेर येऊन म्हणाली, आता त्यांना झोप लागेल, उद्या या. दुसऱ्या दिवशी कलावतीची सकाळची ड्यूटी होती, जाणं झालं नाही. तिसऱ्या दिवशी हिरा गेली.

शिवनाथ नदीच्या काठी अग्नी दिला. बाया घरीच थांबल्या होत्या. हिराच्या सासूनं कलावतीला ओळखलं नाही. कलावती परत यायला बसमध्ये बसली तेव्हा तिच्या मनात एकच वाक्य फिरत होतं. "गलती नव्हती वो. गलती नव्हती." मोसंबीच्या सालांत ती पाच मिनिटं घालवली नसती तर सांगून झालं असतं.

१९९३ च्या डिसेंबरात ललिताबाई रिटायर झाल्या. श्यामराव आधीच झाले होते. दोघं नागपूरला मुलाकडे जाणार होते. क्वार्टर सोडायच्या आधीच्या रविवारी कलावतीनं त्यांना जेवायला बोलावलं.

"श्यामरावांना नाही," ती म्हणाली. "तुमी एकट्याच या."

"ते का गं?"

"या तर खरं."

तिनं भावजयीला मुलींसकट माहेरी धाडलं, विजयकुमारची ड्यूटी होती. सकाळी उठून रांगोळी घातली. तिला ती नीट येत नसे, एका बाजूला फाकली. वडाभात केला. ललिताबाई आल्या, दारातली रांगोळी पाहिली, आत पाटाभोवतीची पाहिली, आणि उंबऱ्यावरच थांबल्या.

"कला, हे काय आहे?"

"बसा ना."

ललिताबाई बसल्या. अठ्ठावन्न वर्षांच्या, गुडघे धरून, भिंतीचा आधार घेत. कलावतीनं वाढलं. ललिताबाईंनी दोन घास खाल्ले आणि हात ताटात तसाच ठेवला.

"तुला तो दिवस आठवू नये म्हणून किती जपलं आम्ही," त्या म्हणाल्या. "आणि तू..."

"तेच म्हणून राहिली मी," कलावती म्हणाली. ती समोर जमिनीवर बसली होती. "ललिताबाई, माझं ऐकून घ्या. मधात बोलू नका, नाही तर माझ्यानं होत नाही. मी त्या दिवशी म्हटलं, भात मस्त झाला. दुसरं काही बोलताच नाही आलं मले. बारा वर्षं झाले, मले तुमाले सांगाचं आहे. तुमी काढूच देत नाही."

ललिताबाईंनी पाण्याचं भांडं बाजूला सरकवलं.

"लग्न नाही झालं माझं. नाही झालं तर नाही झालं. पण मी एक दिवस नवरी झाली ना. ते तुमी केलं. तुमी अन् हिरानं. नाही तर मी तशीच राहिली असती, काठावर बसून दुसऱ्याच्या चपला राखत." तिनं पदरानं नाक पुसलं. "त्या दिवसाचं मले वाईट नाही वाटत वो. तेवढाच तर दिवस आहे माझा. अन् तुमी दोघी त्याले असे लपवून राहिल्या, जसं काही मयत झाली त्या दिवशी."

ललिताबाईंनी ताटातला भात बोटानं एका कडेला केला. मग म्हणाल्या, "आपल्या हळदीमुळं झालं असं हिराला वाटायचं. मीच तिच्या मनात घातलं. मी बोलून गेले एकदा."

"मले माईत आहे."

"तू तिला सांगितलंस का, की तसं नाही म्हणून?"

"नाही," कलावती म्हणाली. "मोसंबी सोलत बसली मी."

बाहेर कुणीतरी हातपंपावर बादली भरत होतं. बादली भरून पाणी खाली सांडायला लागल्याचा आवाज आला, तरी पंप चालूच होता.

"बदक तिच्यावर चढू बघत होतं," ललिताबाई अचानक म्हणाल्या.

"कशावर?"

"माझ्या चपलेवर. तू वल्ही मारण्यात होतीस, तुला दिसलं नाही. हिरानं मला दाखवलं. एक पांढरं बदक तिच्यावर चढायला बघत होतं, आणि ती कलंडत होती. हिरा हसून हसून रडायला आली होती."

कलावतीला हे माहीत नव्हतं. मिनिटामिनिटानं पाठ असलेल्या त्या दिवसात हे तिच्याजवळ नव्हतं. ती ऐकत राहिली. ललिताबाईंनी मग आपण घरी एका चपलेनं कशा आलो ते सांगितलं, रिक्षावाला काय म्हणाला ते सांगितलं, आदल्या संध्याकाळी हिरानं श्रीखंडाचा चक्का कसा सांडवला आणि दोघींनी दुसरा टांगला ते सांगितलं. सांगता सांगता त्या जेवत होत्या.

"वाढ थोडा भात," त्या म्हणाल्या. "मस्त झाला आहे."

जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात कलावती त्यांना पोचवायला दुर्ग स्टेशनवर गेली. सकाळची गाडी होती. श्यामराव आत सामान लावत होते, ललिताबाई खिडकीशी बसल्या होत्या. त्यांच्या समोरच्या बाकावर गोंदियाला जाणारी एक बाई मांडीवर कागद पसरून बिहीच्या, म्हणजे पेरूच्या, फोडी करत होती. खिडकीच्या गजांतून दोघींचं बोलणं चाललं होतं, औषधं वेळेवर घ्या, पत्र टाका, असलंच. ती बाई ऐकत होती.

"बहीण का तुमची?" तिनं विचारलं.

"मैत्रीण," ललिताबाई म्हणाल्या. थोडं थांबून त्या पुढं म्हणाल्या, "हिचं केळवण मी केलं होतं."

"अस्सं," बाई कौतुकानं म्हणाली आणि कलावतीकडे वळली. "मग कुठं दिलं तुमाले, बाई?"

ललिताबाईंची बोटं गजावर घट्ट झाली. त्या काहीतरी बोलणार होत्या. कलावतीनं त्यांच्या बोटांवर हात ठेवला.

"लग्न नाही झालं," ती त्या बाईला म्हणाली. तिचा आवाज चौकशीच्या खिडकीवरचा असतो तसा शांत होता. "केळवण झालं होतं. चांगलं झालं होतं."

बाईनं एकदा हिच्याकडे, एकदा तिच्याकडे पाहिलं. तिनं बिहीची एक फोड उचलली, तिला मीठ लावलं आणि गजांतून पुढं केली. कलावतीनं ती घेतली. गाडीनं शिट्टी दिली. ललिताबाईंचा हात तिच्या हातातून सुटला, पण वळणापर्यंत तो बाहेर हलताना दिसत राहिला.

प्लॅटफॉर्म रिकामा झाल्यावर कलावतीनं ती फोड तिथेच उभ्यानं खाल्ली. मीठ थोडं जास्त झालं होतं.